दगडातील गवत

डायनोसॉरचे चित्र तुम्ही नक्कीच पाहिले असेल. लांब मान, डोंगराएवढे पोट आणि खांबांसारखे चार पाय. मागे उंच झाडे आणि दूरवर धूर ओकणारा ज्वालामुखी. आता ते चित्र पुन्हा डोळ्यांसमोर आणा आणि सांगा, त्या प्राण्याच्या पायांखाली काय होते? जुन्या पुस्तकांतील चित्रांत तेथे उघडी माती असे, नेचे असत, शेवाळ असे. गवत मात्र नसे. चित्रकार ते काढायला विसरत, असे नाही. शास्त्रज्ञच त्यांना सांगत, ''बाबांनो, डायनोसॉरच्या काळी गवत उगवलेच नव्हते. ते फार नंतर आले.''

हे मत २००५ साली बदलले. ते बदलणारा पुरावा यवतमाळ जिल्ह्याच्या शेजारी, वर्धा नदीच्या पलीकडे, चंद्रपूर जिल्ह्यातील वरोरा तालुक्यात मिळाला. गावाचे नाव पिजदुरा. इंग्रजी पुस्तकांत ते 'पिसदुरा' असे लिहितात. आणि पुरावा कसला होता? सांगितले तर तुम्ही हसाल. तो होता शेणाचा. शेण, पण दगड झालेले.

पिजदुऱ्याला जाण्याआधी आपल्या पायांखालचा दगड थोडा पाहू. यवतमाळ जिल्ह्याचा बराचसा भाग काळ्या दगडाचा आहे. विहीर खणताना तोच लागतो. रस्त्याची खडी त्याचीच. कापसाची काळी माती त्याच्याच झिजेतून झाली. याला बेसाल्ट म्हणतात. हा थंड झालेला लाव्हा आहे. वणीकडे गेलात की मात्र दगड बदलतो. तेथे जमिनीखाली कोळसा आहे आणि चुनखडीही आहे.

हे सगळे दगड एका वयाचे नाहीत. त्यांचे वय समजण्यासाठी एक सोपा हिशेब करू. एक वर्ष म्हणजे एक मिलिमीटर माना आणि यवतमाळपासून मागे चालू लागा. तुमचे सारे आयुष्य दीड सेंटिमीटरही भरणार नाही. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक १६७४ साली झाला. तो सुमारे पस्तीस सेंटिमीटरवर, म्हणजे फूटपट्टीच्या जरा पुढे. बेसाल्टचा लाव्हा वाहत होता तो काळ सुमारे ६६ किलोमीटरवर आहे, म्हणजे नागपूरच्या वाटेवर निम्म्याच्या आत. वणीचा कोळसा झाला त्या जंगलापर्यंत पोहोचायला अडीचशे किलोमीटरांहून अधिक चालावे लागेल. नागपूर केव्हाच मागे पडेल. आणि वणीच्या चुनखडीसाठी तर हजार किलोमीटरही पुरणार नाहीत, पार दिल्लीचा रस्ता धरावा लागेल.

ती चुनखडी समुद्राच्या तळाशी साचली होती. होय, वणीला कधी काळी समुद्र होता! पण त्या समुद्रात मासाही नव्हता आणि खेकडाही नव्हता. हाडे असलेला एकही प्राणी तेव्हा पृथ्वीवर जन्मला नव्हता. म्हणून त्या चुनखडीत कोणी हाडे शोधू नयेत.

दगडात टिकून राहिलेल्या जुन्या जिवांच्या खुणांना मराठीत 'जीवाश्म' म्हणतात. 'अश्म' म्हणजे दगड, तुमच्या उर्दूतला 'संग'. हाड, शिंपला, पान, पावलाचा ठसा, यांपैकी काहीही जीवाश्म होऊ शकते. त्यासाठी ते कुजण्याआधी चिखलात किंवा वाळूत गाडले जावे लागते. मग पाण्यात विरघळलेली खनिजे त्यात हळूहळू शिरतात आणि ते दगडासारखे कठीण होते.

उर्दूचा विषय निघालाच आहे, तर एका शब्दाबद्दल सावध करतो. तुम्ही 'दरिया' म्हणता तेव्हा तुमच्या मनात नदी असते. मराठीत 'दर्या' म्हणजे समुद्र. हा फरक नीट लक्षात ठेवा, कारण पुढच्या गोष्टीत दोन्ही येणार आहेत.

डायनोसॉर जमिनीवर राहत होते, त्याच काळात समुद्रातही मोठमोठे सरपटणारे प्राणी होते. ते डायनोसॉर नव्हते, वेगळ्या कुळांतले होते. एकाला इक्थिओसॉर म्हणतात. तो माशासारखा दिसे, पण श्वास घेण्यासाठी त्याला पाण्यावर यावे लागे. दुसरा प्लेसिओसॉर. त्याला वल्ह्यांसारखे चार पाय होते आणि अनेकदा मान फार लांब असे. तिसरा मोसासॉर, हा सर्वांत शेवटी आला. आपल्या देशात गुजरातमधील कच्छमध्ये लोदाई गावाजवळ इक्थिओसॉरचा सुमारे साडेपाच मीटर लांबीचा सांगाडा मिळाला. दिल्ली विद्यापीठातील शास्त्रज्ञांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो २०१७ मध्ये जगासमोर आणला. तो सुमारे पंधरा कोटी वर्षांपूर्वीचा आहे. तेव्हा कच्छवर दर्या होता, मराठीतला दर्या.

आपली शेणाची गोष्टही खरे तर याच समुद्री प्राण्यांपासून सुरू होते. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर लाइम रेजिस नावाचे गाव आहे. तेथे मेरी ॲनिंग नावाची मुलगी होती. वडील सुतारकाम करीत. मेरी अकरा वर्षांची असताना ते वारले. घरात पैसा नव्हता. कड्यांतून पडणारे जीवाश्म वेचून प्रवाशांना विकायचे, यावर घर चाले. १८११ मध्ये तिच्या भावाला एका विचित्र प्राण्याची कवटी मिळाली. पुढच्या वर्षी मेरीने त्याचे बाकीचे शरीर शोधून काढले. तो इक्थिओसॉर होता. तेव्हा ती जेमतेम तेरा वर्षांची होती, म्हणजे तुमच्यापेक्षा लहान किंवा तुमच्याच वयाची.

त्या किनाऱ्यावर बटाट्यासारखे दिसणारे गुळगुळीत दगड मिळत. लोक त्यांना 'बेझोअर' म्हणत. हा शब्द ऐकून तुमचे कान टवकारले पाहिजेत! तो फारसीतल्या 'पादजहर' या शब्दापासून आला आहे. पादजहर म्हणजे विषावरचा उतारा. बकरीसारख्या प्राण्यांच्या पोटात मिळणाऱ्या खड्यांना जुने हकीम हे नाव देत. लाइम रेजिसचे दगड तसेच दिसत, म्हणून तेच नाव त्यांना चिकटले. मेरीच्या मात्र लक्षात आले की हे दगड पुष्कळदा इक्थिओसॉरच्या सांगाड्याच्या पोटातच सापडतात. ते फोडले की आत माशांची हाडे आणि खवले दिसतात. मग हे विषावरचे औषध कसले? ही त्या प्राण्याची दगड झालेली विष्ठा होती. विल्यम बकलंड या भूवैज्ञानिकाने १८२९ मध्ये तिला 'कोप्रोलाइट' असे नाव दिले. आपण 'विष्ठाश्म' म्हणू.

हाडावरून प्राणी केवढा होता ते कळते, दातांवरून तो साधारण काय खात असेल याचा अंदाज येतो. पण त्याने प्रत्यक्षात काय खाल्ले, ते विष्ठाश्मच सांगतो. तेथे अंदाजाला जागा कमी.

आता पिजदुऱ्याकडे वळू. नागपुरात स्टीफन हिस्लॉप नावाचे स्कॉटिश मिशनरी होते. तेथील हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाने ओळखले जाते. शाळा चालवता चालवता त्यांना दगड गोळा करण्याचा छंद जडला. नागपूरच्या आसपास पायी आणि घोड्यावरून हिंडून त्यांनी पाने, फळे, शिंपले आणि मासे यांचे जीवाश्म जमवले. पिजदुऱ्याची हाडे अभ्यासकांच्या नजरेत आली ती त्यांच्यामुळेच. १८६३ मध्ये नागपूरजवळ पुराच्या पाण्यात बुडून त्यांचा अंत झाला.

पुढे अनेक जण येथे आले. चार्ल्स मॅटली या भूवैज्ञानिकाने १९३९ मध्ये पिजदुऱ्याच्या विष्ठाश्मांवर एक संपूर्ण लेखच लिहिला आणि आकारावरून त्यांचे प्रकार पाडले. नागपूरच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षण विभागातील धनंजय मोहबे यांनी या भागात पुष्कळ वर्षे काम केले. जवळच्या डोंगरगाव येथून कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेने १९८४ ते १९८६ या काळात एका मोठ्या डायनोसॉरची हाडे काढली. आकडेमोडीची संस्था हाडे कशाला खणते, असे तुम्ही विचाराल. तिचे संस्थापक महालनोबिस यांना मोजता येण्यासारख्या सर्वच गोष्टींत रस होता, एवढेच त्याचे उत्तर. त्या डायनोसॉरला आज 'इसिसॉरस' म्हणतात. त्यातील 'इसि' म्हणजे त्या संस्थेच्या इंग्रजी नावाची आद्याक्षरे.

पिजदुऱ्याला जाऊन तुम्हांला काय दिसेल? फाटक नाही, तिकीट नाही, उंच कडाही नाही. साधी शेते आहेत. हाडांचे तुकडे आणि विष्ठाश्म तेथे नांगरटीच्या मातीत मिळत आले आहेत. ही माती ज्या थरांची झीज होऊन झाली, त्या थरांना 'लामेटा' म्हणतात. मध्य प्रदेशात जबलपूरजवळ नर्मदेवर लामेटा घाट आहे, त्यावरून हे नाव पडले. हे थर बेसाल्टच्या खाली असतात, म्हणजे लाव्हा त्यांच्यावर पसरला. वयाने ते त्या समुद्री सरपटणाऱ्या प्राण्यांच्या अखेरच्या दिवसांतले आहेत. बाहेर महासागरांत मोसासॉर आणि प्लेसिओसॉर पोहत होते. येथे मात्र दर्या नव्हता, दरिया होता. पिजदुरा आणि डोंगरगाव भागातील थर नद्यांनी, पुराच्या गाळाने आणि तळ्यांनी तयार केले. त्यांत गोड्या पाण्यातील शंख आहेत, कासवे आहेत, सापाचे मणके आहेत. आणि लांब मानेच्या, शाकाहारी डायनोसॉरची हाडे आहेत. त्या कुळाला टायटॅनोसॉर म्हणतात.

येथील विष्ठाश्म कोणाचे? टायटॅनोसॉर आपली सही करून गेला नाही. पण ते त्याच थरात, त्याच्या हाडांबरोबर मिळतात. त्यांतले काही चांगले मोठे आहेत. त्यांच्यात हाडांचा चुरा नाही, वनस्पतींचे अवशेष आहेत. म्हणून ते बहुधा टायटॅनोसॉरचेच असावेत, असे अभ्यासक मानतात. 'बहुधा' हा शब्द मी मुद्दाम घातला आहे. शास्त्रात त्याला मोठा मान आहे.

लखनौ येथे बीरबल साहनी यांनी स्थापन केलेली वनस्पतींच्या जीवाश्मांची संस्था आहे. तेथील वंदना प्रसाद यांनी या विष्ठाश्मांचे नमुने तपासायला घेतले. त्यांच्याबरोबर स्टॉकहोमच्या संग्रहालयातील कॅरोलिन स्ट्रॉमबर्ग, हबीब अलीमोहम्मदियन आणि बीरबल साहनींचे पुतणे अशोक साहनी होते. दगड झालेल्या शेणात पान सापडेल, अशी आशा नव्हती. ते चावून, पचून, कुजून गेलेले. मग शोधायचे काय?

याचे उत्तर समजण्यासाठी ज्वारीच्या शेतात चला. ज्वारीच्या किंवा गवताच्या पात्याच्या कडेवरून बोट ओढले की बारीक चिरा पडतात. पाते एवढे मऊ, मग ते कापते कसे? त्याचे कारण असे की गवत जमिनीतील पाण्याबरोबर वाळूतले खनिज शोषून घेते आणि आपल्या पेशींत साठवते. तेथे त्याचे अतिशय सूक्ष्म, काचेसारखे कण बनतात. त्यांना 'फायटोलिथ' म्हणतात. त्याचा अर्थ वनस्पतीतला दगड. पान कुजते, हे कण कुजत नाहीत. जनावराच्या पोटातील रसही त्यांना विरघळवू शकत नाहीत. आणखी गंमत म्हणजे प्रत्येक कुळातील वनस्पतींच्या कणांचा आकार वेगळा. काही कण मधे बारीक आणि दोन्ही टोकांना फुगीर, व्यायामाच्या डंबेलसारखे. काही घोड्याच्या खोगिरासारखे. जाणकाराला कण पाहून वनस्पतीचे कुळ सांगता येते.

या शास्त्रज्ञांनी विष्ठाश्मांतील असे कण वेगळे केले आणि सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले. ताडाच्या कुळातील कण दिसले. सूचिपर्णी झाडांचे दिसले. हे सर्व अपेक्षित होते. पण त्यांच्यात गवताचेही कण होते! तेही एका प्रकारचे नव्हेत, निदान पाच प्रकारच्या गवतांचे. त्यापूर्वी गवताचे जे खात्रीचे जीवाश्म माहीत होते, ते सारे डायनोसॉर नाहीसे झाल्यानंतरचे होते. अमेरिकेतील 'सायन्स' या नियतकालिकात नोव्हेंबर २००५ मध्ये हा शोध छापून आला आणि जगभरच्या वर्तमानपत्रांत त्याची बातमी झाली.

येथे एक गैरसमज होऊ शकतो. टायटॅनोसॉर गाईबैलांसारखे दिवसभर कुरणात चरत होते, असे याचा अर्थ मुळीच नाही. त्यांच्या शेणात गवताचा वाटा थोडाच होता. झाडपाला अधिक होता. तेव्हा मोठी कुरणे असल्याचा पुरावा नाही. झाडांच्या सावलीत, पाण्याच्या काठाने थोडेथोडे गवत उगवत असेल आणि हा अजस्र प्राणी पाल्याबरोबर त्याचाही घास घेत असेल. मला तर या शोधातली खरी मोठी गोष्ट दुसरीच वाटते. एकाच वेळी पाच प्रकारची गवते होती, याचा अर्थ गवताचे कुळ त्याच्याही पुष्कळ आधी जन्मले आणि फुटून निरनिराळे झाले. म्हणजे गवताचा जन्मकाळ एकदम मागे ढकलला गेला. तसेच पुढे निघाले. २०१८ मध्ये चीनमधील एका डायनोसॉरच्या दातांवर गवताचे अंश मिळाले. तो पिजदुऱ्याच्या प्राण्यांहून कितीतरी कोटी वर्षे जुना होता.

वंदना प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या नमुन्यांचा अभ्यास सोडला नाही. २०११ मध्ये त्यांनी दाखवले की पिजदुऱ्याच्या विष्ठाश्मांतील काही कण भाताच्या कुळातील गवतांचे आहेत. भात हेसुद्धा एक गवतच आहे. ज्वारी, गहू, ऊस, बांबू हीदेखील गवतेच. तुमच्या घरी ईदला पुलाव शिजतो, त्या तांदळाचे फार फार दूरचे पूर्वज आपल्या शेजारच्या जिल्ह्यात टायटॅनोसॉरच्या पोटात गेले होते.

पुढे काय झाले ते आपल्या विहिरींत दिसते. जमिनीला भेगा पडल्या आणि लाव्हा वाहू लागला. एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा. दोन लोटांच्या मधे शांत काळ असे. तळी साचत, शंख वाढत, झाडे उगवत. मग पुढचा लोट येऊन सगळे झाकून टाकी. याच सुमारास मेक्सिकोजवळ आकाशातून एक प्रचंड अशनी येऊन आदळला. डायनोसॉर गेले. त्यांचे फक्त एक कूळ उरले, ते म्हणजे पक्षी. समुद्रातले मोसासॉर आणि प्लेसिओसॉरही गेले. इक्थिओसॉर त्यांच्या आधीच संपले होते. यात अशनीचा दोष किती आणि आपल्या दख्खनच्या लाव्ह्याचा किती, यावर अजून वाद चालतो. कासवे वाचली. गवतही वाचले आणि पुढे साऱ्या पृथ्वीवर पसरले.

पिजदुऱ्याचे दगड मात्र आता कमी होत आहेत. हौशी लोक येतात, हाडाचा तुकडा किंवा विष्ठाश्म खिशात घालून नेतात. घरी कपाटात तो चार दिवस मिरवतो. पाहुण्यांना दाखवतात. पुढे तो कोठला, कोणत्या शेतातला, कोणी आणला, हे कोणालाच आठवत नाही. मग तो नुसता दगड राहतो. विष्ठाश्म टायटॅनोसॉरचा असावा हे आपल्याला कशावरून कळले होते? त्याच थरात हाडे होती यावरून. दगड जागेवरून हलला की ही साक्षच पुसली जाते. सूक्ष्मदर्शक कितीही भारी असला तरी ती परत मिळत नाही. यात शेतकऱ्याला दोष देता येणार नाही. त्याला पेरणी करायची असते आणि नांगराला लागणारा दगड तो बांधावर टाकणारच. पाहायला म्हणून जाणाऱ्याने मात्र हात आवरला पाहिजे.

तुमच्यापैकी काही जणांची शेते वणी, मारेगाव, झरी या भागांत असतील. काहींचे नातेवाईक वरोरा आणि भद्रावतीकडे राहत असतील. तेथे एखादा वेगळा दगड दिसला, शंखाचा आकार असलेला, हाडासारखा सच्छिद्र किंवा लेंडासारखा, तर तो फोडू नका. घासून धुऊही नका. शक्य असेल तर तो आहे तेथेच राहू द्या. शेजारी फूटपट्टी ठेवून त्याचा फोटो काढा. फोटो काढायचे साधन नसेल तर चित्र काढा. शेतमालकाला विचारा, तो दगड तेथलाच की मुरमाबरोबर बाहेरून आलेला. मग वहीत लिहा: गावाचे नाव, शेत कोणाचे, विहिरीपासून किंवा नाल्यापासून किती पावलांवर, मातीचा रंग तांबडा की काळा, आजूबाजूला असे आणखी किती दगड आहेत, आणि तारीख. ते पान तुमच्या विज्ञानाच्या शिक्षकांना दाखवा. नागपूरला भूवैज्ञानिक सर्वेक्षण विभागाचे कार्यालय आहे, तेथे शाळेमार्फत पत्र पाठवता येते. पत्र मराठीत लिहिले तरी चालेल.